चॅम्पियन होता, पण कुणाचा?

2006 साली मुंबईच्या एका संघाने राष्ट्रीय फुटबॉल लीग जिंकली. 1996 च्या अखेरीस सुरू झालेल्या या लीगचे विजेतेपद तोवर पंजाब, कोलकाता आणि गोवा याच तीन ठिकाणी फिरत होते. जेसीटी, मोहन बागान, ईस्ट बंगाल, साळगावकर, डेम्पो याच नावांची आलटून पालटून चषकावर वर्णी लागायची. मुंबईच्या महिंद्रा युनायटेडने ती मक्तेदारी मोडली. आणि चारच वर्षांनी, 2009-10 चा हंगाम आटोपताच, हा संघ बंद झाला. त्याचे दिवाळे निघाले नव्हते. तो खालच्या श्रेणीत घसरला नव्हता. त्याच्या मैदानावर कुणी टॉवरही उभा केला नव्हता. यापुढे फुटबॉल संघ चालवायचा नाही असे संघाच्या मालक महिंद्रा कंपनीने ठरवले आणि 1962 पासून चालत आलेला क्लब मिटला.

मुंबईत बंद पडलेल्या फुटबॉल संघांची यादी लांब आहे. कॅलटेक्स, मफतलाल, ओर्के मिल्स, महिंद्रा युनायटेड, मुंबई एफसी. यातले काही देशात गाजले, काहींनी ऑलिम्पिक खेळाडू खेळवले. तरीही त्यांच्यापैकी एकही पुन्हा उभा राहिला नाही. बंद पडलेले क्लब जगात इतरत्र पुन्हा उभे राहतात. मुंबईत ते का राहत नाहीत, हे समजून घ्यायचे तर आधी हे संघ जन्मले कसे ते पाहायला हवे.

मस्टरवरचे खेळाडू

राष्ट्रीय लीगच्या तक्त्यात अँटॉप हिलसारख्या वस्तीचा संघ कधी दिसला नाही. परळचा, लालबागचा, गिरगावचाही नाही. मुंबईतून जे संघ तिथवर पोचले त्यांची नावे असायची महिंद्रा, एअर इंडिया, ओएनजीसी अशी. वस्तीचे नाव लावणारा त्यात एकही नव्हता.

अँटॉप हिलच्या एका अंगाला सायन-कोळीवाडा, दुसऱ्या अंगाला वडाळा. मध्ये केंद्र सरकारी कर्मचाऱ्यांच्या वसाहती, चाळी आणि दाटीवाटीच्या वस्त्या. इथून कूपरेजच्या मैदानावर सामना पाहायला निघालेला माणूस गुरू तेगबहादूर नगरला, म्हणजे जुन्या कोळीवाडा स्टेशनवर, हार्बरची गाडी पकडणार. वडाळा, शिवडी, कॉटन ग्रीन, रे रोड, डॉकयार्ड असे करत छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसला उतरणार. या सबंध प्रवासात खिडकीतून दिसतात त्या तेलाच्या टाक्या, गोदामे, गोद्या आणि रेल्वेची यार्डे. मुंबईचे फुटबॉल संघ याच जगातून आले. तेल कंपन्या, रेल्वे, बंदर, कस्टम्स, बँका, गिरण्या, मोटार कारखाने. माणूस राहतो कुठे यापेक्षा तो कामाला कुठे आहे यावर त्याचा संघ ठरायचा.

या शहरात फुटबॉल आणला तो ब्रिटिश पलटणींनी. रोव्हर्स चषक स्पर्धा 1891 साली सुरू झाली आणि पहिल्याच वर्षी वूस्टरशायर रेजिमेंटने ती जिंकली. 1911 मध्ये वेस्टर्न इंडिया फुटबॉल असोसिएशन, म्हणजे ‘विफा’, स्थापन झाली. शहराच्या हारवूड लीगमध्ये आधी गोऱ्या पलटणी, मग हळूहळू कंपन्यांचे आणि खात्यांचे संघ उतरू लागले. रोव्हर्सवर भारतीय संघाचे नाव प्रथम कोरले गेले ते 1937 मध्ये, आणि तो संघ होता बंगळूरचा. पुढे 1950 ते 1954 अशी सलग पाच वर्षे हैदराबाद सिटी पोलिसांनी हा चषक नेला. कूपरेजच्या लाकडी गॅलऱ्यांमध्ये गोदी कामगारांपासून दिलीपकुमारांसारख्या फुटबॉलवेड्या नटापर्यंत सगळे बसत.

1958 मध्ये मात्र चषक घरीच राहिला. तो कॅलटेक्स या तेल कंपनीच्या मुंबईतील संघाने जिंकला. साठच्या दशकात मफतलाल गिरणीसमूहाच्या संघानेही रोव्हर्स जिंकून दाखवला. टाटा स्पोर्ट्स क्लबचा नेव्हिल डिसोझा 1956 च्या मेलबर्न ऑलिम्पिकमध्ये भारताकडून खेळला. 1 डिसेंबरला ऑस्ट्रेलियाविरुद्ध त्याने तीन गोल केले आणि ऑलिम्पिक फुटबॉलमध्ये हॅटट्रिक करणारा तो पहिला आशियाई खेळाडू ठरला. भारताने तो सामना 4-2 असा जिंकला आणि स्पर्धेत चौथा क्रमांक मिळवला. चार गोलांसह नेव्हिल स्पर्धेतील सर्वाधिक गोल करणाऱ्यांत बरोबरीने पहिला होता. त्याच ऑलिम्पिकला, आणि पुढे 1960 च्या रोमलाही, गेलेले गोलरक्षक एस. एस. नारायण मुंबईत कॅलटेक्स आणि टाटा या संघांकडून खेळले.

हे सगळे खेळाडू कागदोपत्री हौशी होते. पोट भरायचे ते नोकरीवर. चांगला खेळणारा पोरगा हेरायचा, त्याला कारकून किंवा कामगार म्हणून चिकटवायचा, सकाळी मस्टरवर सही, दुपारनंतर सराव, सामन्याच्या दिवशी कामातून सूट, अशी ती रीत. गुडघा गेला तरी नोकरी जात नसे. निवृत्तीपर्यंत पगार, नंतर फंड आणि ग्रॅच्युइटी. गोवा, केरळ, हैदराबाद, बंगाल, पंजाब इथून खेळाडू मुंबईत आले ते याच भरवशावर. क्रिकेटमध्येही कंपन्यांच्या संघांची टाइम्स शील्ड स्पर्धा हीच रीत चालवत होती. अनेक मध्यमवर्गीय आणि कामगार घरांना या रीतीने हात दिला, हे नाकारून चालणार नाही.

पण तिच्या पोटात एक खोट होती. संघाची घटना, सभासद, निवडणूक, वर्गणी यांतले काहीच नव्हते. क्लब होता तो कंपनीच्या कल्याण खात्याच्या खर्चाचा एक रकाना. कंपनीचे नाव बदलले की संघाचे बदलणार, कंपनी गेली की संघ जाणार. सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात कॅलटेक्सचे राष्ट्रीयीकरण होऊन ती हिंदुस्थान पेट्रोलियममध्ये विलीन झाली आणि रोव्हर्स जिंकणारे ते नाव नकाशावरून पुसले गेले. 18 जानेवारी 1982 ला गिरणी संप सुरू झाला. त्यानंतर गिरणगावातल्या गिरण्या एकामागून एक बंद पडत गेल्या. जिथे गिरण्याच राहिल्या नाहीत, तिथे गिरण्यांचे संघ कुठून राहणार?

जीपवाल्यांचा संघ

जीप बनवणाऱ्या महिंद्रा अँड महिंद्राचा संघ 1962 मध्ये उभा राहिला तेव्हा शहरातल्या अशा डझनावारी संघांपैकीच तो एक होता. वेगळेपण दिसले ते नव्वदच्या दशकात. बाकीच्या कंपन्या खेळावरचा खर्च आखडता घेत असताना महिंद्राने तो वाढवला. राष्ट्रीय लीगमुळे खेळाडूंना नोकरीऐवजी करारावर घेण्याची पद्धत रुळू लागली होती. महिंद्राने ती स्वीकारली. 1998 मध्ये संघाने ड्युरँड चषक जिंकला. 2000 साली त्याचे नाव ‘महिंद्रा युनायटेड’ झाले, तरी वृत्तपत्रांचे क्रीडा पान त्यांना ‘जीपमेन’च म्हणत राहिले.

पुढची दहा वर्षे या संघाची होती. ड्युरँड पुन्हा 2001 आणि 2008 मध्ये. फेडरेशन चषक 2003 आणि 2005 मध्ये. कोलकात्याची मानाची आयएफए शील्ड 2006 आणि 2008 मध्ये. या सगळ्यांवर कळस म्हणजे गोव्याचे डेरिक परेरा यांच्या मार्गदर्शनाखाली 2005-06 ची राष्ट्रीय लीग. ब्राझीलचा होजे रामिरेझ बारेटो, घानाचा युसिफ याकुबू हे परदेशी खेळाडू त्या संघात होते, आणि अभिषेक यादव, स्टीव्हन डायस, एन. पी. प्रदीप हे भारतीयही. 2007 च्या नेहरू चषकाच्या अंतिम सामन्यात सीरियाविरुद्धचा एकमेव गोल करणारा तो हाच प्रदीप. त्याच वर्षी महिंद्राने एएफसी चषक या आशियाई स्पर्धेत उपांत्यपूर्व फेरी गाठली.

म्हणजे संघ मोडला तो पडत्या काळात नव्हे. 2008 मध्ये दोन मोठ्या स्पर्धा जिंकलेला संघ 2010 मध्ये गुंडाळला गेला. तळागाळातल्या, विशेषतः शालेय फुटबॉलवर लक्ष द्यायचे असल्याचे कंपनीने सांगितले आणि शाळांसाठी स्पर्धा सुरूही केली. कंपनीच्या बाजूने पाहिले तर निर्णय समजण्यासारखा होता. लीगच्या संघावर दरवर्षी मोठा खर्च, दूरचित्रवाणीवर सामने दिसणार ते मोजके, तिकिटांचे उत्पन्न नावापुरते. जाहिरात म्हणून हा सौदा महागडा आणि कामगार कल्याण म्हणून निरुपयोगी, कारण मैदानावरच्या अकरा जणांचा कारखान्याशी संबंध केव्हाच तुटला होता. महिंद्राच्या कांदिवलीच्या कारखान्यातल्या माणसाला ‘आपला’ वाटावा असे त्या संघात फारसे काही उरले नव्हते, आणि शहराला तो आपला वाटावा असे काही अजून तयार झाले नव्हते. जुने नाते गेले होते, नवे जुळले नव्हते. अशा मधल्या अवस्थेत संघ सापडला.

महिंद्रानंतर वर्षभरातच, 2011 मध्ये, फगवाड्याच्या जेसीटी गिरणीने आपला संघ बंद केला. राष्ट्रीय लीगचा पहिला विजेता तोच. 2013 मध्ये आशियाई महासंघाच्या परवाना नियमांवर बोट ठेवून एअर इंडिया आणि ओएनजीसी या दोन संघांना आय-लीगमधून, म्हणजे राष्ट्रीय लीगची जागा घेतलेल्या स्पर्धेतून, वगळण्यात आले. क्लबला स्वतःचे कायदेशीर अस्तित्व, स्वतःचे हिशेब आणि युवा संघ हवेत, असा त्या नियमांचा रोख. सरकारी उपक्रमाच्या एका विभागाने चालवलेल्या संघांना हे जमणारे नव्हते. मुंबईच्या कार्यालयीन फुटबॉलने वरच्या पायरीवरून तेव्हा निरोप घेतला.

दरम्यान नाव शहराचे, पण मालकी उद्योगसमूहाची असा नवा प्रकार आला होता. एस्सेल समूहाचा मुंबई एफसी 2007 मध्ये स्थापन झाला, दुसरी श्रेणी जिंकून 2008 मध्ये आय-लीगमध्ये आला आणि 2016-17 च्या हंगामात तळाला जाऊन बाहेर पडला. खाली जाऊन पुन्हा वर येण्याची खटपट करण्याऐवजी क्लबच बंद झाला.

या साऱ्या उलथापालथीचा एक साक्षीदार आजही कामात आहे. खालिद जमील महिंद्रासाठी खेळले, एअर इंडियासाठी खेळले, मुंबई एफसीसाठी खेळले आणि पुढे कित्येक हंगाम मुंबई एफसीचे प्रशिक्षकही होते. 2016 मध्ये ते तिथून बाहेर पडले आणि मिझोरमच्या ऐझॉल एफसीकडे गेले. ज्या हंगामात मुंबई एफसी शेवटून पहिला आला, त्याच हंगामात जमील यांच्या ऐझॉलने आय-लीग जिंकली. ऑगस्ट 2025 मध्ये ते भारतीय संघाचे मुख्य प्रशिक्षक झाले. खेळाडू म्हणून त्यांनी ज्या तीन संघांची जर्सी घातली, त्यांपैकी दोन आज अस्तित्वात नाहीत आणि तिसरा राष्ट्रीय लीगमध्ये नाही.

मेलेले क्लब जिवंत कसे होतात

इंग्लंडमध्ये व्यावसायिक फुटबॉलच्या वरच्या चार श्रेणींत 92 क्लब असतात. त्यांच्या खाली, एकाखाली एक अशा अनेक पायऱ्यांवर गावोगावचे शेकडो छोटे क्लब खेळतात. खेळाडू दिवसा नोकरी करतात, तिकीट खिडकीवर स्वयंसेवक बसतात, मैदानाचे गवत गावातलाच कुणी कापतो. तिथेही क्लब बुडतात. फरक आहे तो बुडाल्यावर काय होते यात.

लँकशरमधल्या अ‍ॅक्रिंग्टन स्टॅन्ले या क्लबने कर्जापायी मार्च 1962 मध्ये हंगाम अर्ध्यावर सोडून फुटबॉल लीगचा राजीनामा दिला. काही वर्षांत तो पुरता संपला. 1968 मध्ये गावकऱ्यांनी त्याच नावाने नवा क्लब काढला, तळाच्या पायरीवरून सुरुवात केली आणि 2006 मध्ये तो पुन्हा फुटबॉल लीगमध्ये दाखल झाला. वर्षे पाहा: 1962 मध्ये इकडे महिंद्राचा संघ जन्मला, 2006 मध्ये तो देशाचा विजेता झाला. ज्या 44 वर्षांत मुंबईचा संघ शून्यातून शिखरावर गेला, त्याच 44 वर्षांत एक छोटे इंग्रजी गाव आपला मेलेला क्लब परत घेऊन आले. आज गावाचा क्लब खेळतो आहे, देशाचा विजेता मात्र नाही.

लंडनमधल्या विम्बल्डनचा क्लब मालकांनी दूरच्या मिल्टन कीन्सला नेण्याचे ठरवले, तेव्हा 2002 मध्ये चाहत्यांनी स्वतःचा एएफसी विम्बल्डन स्थापन केला. खेळाडूंची निवडचाचणी सार्वजनिक मैदानावर घेतली. नवव्या पायरीवरून निघालेला हा क्लब 2011 मध्ये फुटबॉल लीगमध्ये पोचला, आणि त्याची सूत्रे चाहत्यांच्याच संस्थेकडे राहिली. 1885 पासूनचा बरी एफसी 2019 मध्ये आर्थिक गोंधळामुळे लीगमधून हकालला गेला. तिथेही चाहत्यांनी नवा क्लब काढला आणि 2023 मध्ये जुने नाव परत मिळवले.

हे पाहायला इंग्लंडलाच जायला हवे असे नाही. कोल्हापूरला गेले तरी पुरे. तिथे फुटबॉल पेठेचा आणि तालमीचा. पाटाकडील तालीम मंडळ, खंडोबा तालीम मंडळ, दिलबहार तालीम मंडळ, बालगोपाल तालीम मंडळ, शिवाजी तरुण मंडळ, प्रॅक्टिस क्लब, फुलेवाडीचे क्रीडा मंडळ. ज्या संस्थांनी कुस्ती जोपासली त्यांनीच फुटबॉल उचलला. शाहू स्टेडियमवर दोन तालमींचा सामना असला की दोन पेठा मैदानात असतात. पैसा येतो तो वर्गणीतून, व्यापाऱ्यांकडून, पुढाऱ्यांकडून. त्याचे दोषही आहेत. हाणामारीचे प्रसंग घडले आहेत, पोलिस बंदोबस्त लागतो, राजकारण्यांचा हात पाठीवर असल्याशिवाय पुष्कळदा पान हलत नाही. पण एखादा देणगीदार दूर झाला म्हणून पाटाकडील किंवा खंडोबा बंद पडत नाही. 2017 मध्ये भारतात झालेल्या 17 वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळलेला अनिकेत जाधव याच कोल्हापूरचा.

मुंबईला ही रीत परकी होती असेही नाही. कबड्डीत तिने नेमके हेच केले. दादरचा विजय क्लब, लालबागचा अंकुर, महिलांचा शिवशक्ती हे संघ वस्तीने उभे केले, वस्तीने पोसले. कंपन्यांचे संघ कबड्डीतही होते आणि खुद्द महिंद्राचा त्यात दबदबा होता. पण वस्तीतले मंडळ आधी होते, कंपनी नंतर. कंपनीने अंग काढून घेतले तरी खेळाडूला परतायला घर होते. फुटबॉलला मोठे मैदान लागते, ते मध्य मुंबईच्या दाट वस्तीत मिळणे कठीण. त्यामुळे फुटबॉलचा खेळाडू आपसूक मैदानवाल्याच्या, म्हणजे कंपनीच्या किंवा जिमखान्याच्या, दारात गेला. वस्तीतले छोटे क्लब तेव्हाही होते, आजही जिल्हा लीगच्या खालच्या श्रेणींत खेळतात. ते राहिले तळाला. वरची जागा पगार देणाऱ्यांनी व्यापली.

कंपनी गेली, कंपनी आली

2010 च्या डिसेंबरमध्ये अखिल भारतीय फुटबॉल महासंघाने आयएमजी-रिलायन्सशी 15 वर्षांचा, 700 कोटी रुपयांचा करार केला. त्यातून 2014 मध्ये इंडियन सुपर लीग आली आणि तिच्याबरोबर मुंबई सिटी एफसी. या क्लबने 2020-21 मध्ये साखळी आणि अंतिम सामना दोन्ही जिंकून मुंबईला पुन्हा देशाच्या शिखरावर नेले. प्रेक्षक वाढले, अंधेरीच्या मैदानावर ढोल वाजू लागले, जर्सी घातलेली मुले लोकलमध्ये दिसू लागली. महिंद्राला जे साधले नाही ते, म्हणजे शहराशी नाते, इथे निदान सुरू झाले.

पण पाया तोच राहिला. करार संपत आला आणि नव्याबद्दल स्पष्टता नाही म्हणून जुलै 2025 मध्ये आयोजक कंपनीने पुढचा हंगाम थांबवून ठेवला, तेव्हा देशातल्या अव्वल क्लबांचे खेळाडू आणि कर्मचारी हातावर हात धरून बसले. एका कंपनीच्या निर्णयावर एक संघ अवलंबून होता, तिथे आता अख्खी लीग होती. रोव्हर्स चषकाचे तर 2000-01 नंतर पुनरुज्जीवन झालेले नाही. 110 वर्षांची ती स्पर्धा मुंबईने अशीच विसरू दिली.

कंपन्यांना दोष देऊन हा हिशेब संपत नाही. टाटा, कॅलटेक्स, मफतलाल, महिंद्रा यांनी पैसा घातला नसता तर मुंबईतून ऑलिम्पिक खेळाडू निघाले नसते आणि 2006 चे विजेतेपदही आले नसते. चूक झाली ती पुढची पायरी न चढण्यात. संघ भरात असताना सभासद नोंदवणे, वर्गणीदारांना मतदानाचा हक्क देणे, नाव आणि बोधचिन्ह एखाद्या नोंदणीकृत संस्थेकडे सोपवणे यांतले काही झाले असते, तर कंपनी बाजूला झाल्यावरही महिंद्रा युनायटेड जिल्हा लीगच्या खालच्या श्रेणीत का होईना, खेळत राहिला असता. असा मार्ग आजही खुला आहे. धर्मादाय आयुक्तांकडे संस्था नोंदवायला आणि जिल्हा संघटनेत संघ दाखल करायला उद्योगपती लागत नाही. गणेशोत्सव मंडळाचे जमाखर्च वर्षानुवर्षे सांभाळणाऱ्या वस्त्यांना हे काम अवघड नाही. मुंबईच्या फुटबॉलला पुढचा क्लब हवा असेल, तर तो मालकाच्या नव्हे, सभासदांच्या नावावर काढायला हवा.